विषय : चेहऱ्यात बदल करण्याच्या परवानगीबाबत

हेरंब टिपणीस यांनी आयुष्यात पहिल्यांदा कला पाहिली ती नव्वद सालच्या मार्चमध्ये, चंडीगडच्या एका संग्रहालयाच्या सभागृहात, आणि तीही चुकून. ते गेले होते गुलाबांच्या छाटणीवरच्या व्याख्यानाला. व्याख्यान आदल्याच दिवशी होऊन गेलं होतं हे त्यांना कळेपर्यंत दिवे मालवले गेले आणि पडद्यावर एका परदेशी बाईचा चेहरा आला. बाई देखणी होती, म्हणून टिपणीस बसून राहिले. मग बाईचा डावा डोळा हळूहळू खाली उतरायला लागला. गालावरून घरंगळत तो हनुवटीशी येऊन थांबला. नाक लांबलं, रुंदावलं, पुन्हा जागेवर आलं, पण आता ते दुसऱ्याच कोणाचं तरी होतं. असं बावीस मिनिटं चाललं. दहाव्या मिनिटाला निम्मं सभागृह चहाला निघून गेलं, पंधराव्याला संयोजकही गेले. टिपणीस मात्र दोन्ही हातांनी खुर्ची घट्ट धरून बसले होते. त्यांना जबर धक्का बसला होता, आणि तो काही कलेचा नव्हता. हे तर आपल्या ऑफिसातल्या मशीनवर करता येईल, हा विचार त्यांना आला होता.

टिपणीस केंद्र सरकारच्या एका प्रयोगशाळेत वरिष्ठ तांत्रिक अधिकारी होते. तिथे एक संगणक होता आणि त्याला जोडलेला एक कॅमेरा. दातेरी चाकांना गेलेल्या बारीक चिरा या कॅमेऱ्याने टिपायच्या आणि पडद्यावर मोठ्या करून पाहायच्या, असं त्यांचं काम अकरा वर्षं चाललं होतं. अकरा वर्षं चाकांचे दात पाहिलेल्या माणसाला एकदम माणसाचा चेहरा दिसला की त्याचं काय होतं, ते ज्यांनी चाकांचे दात पाहिले नाहीत त्यांना कळायचं नाही.

घरी येऊन त्यांनी बायकोला सांगितलं. सुमेधाबाई भाकरी थापत होत्या.

"म्हणजे एका माणसाचं तोंड दुसऱ्याला लावायचं," त्या म्हणाल्या. "कशासाठी?"

"कला म्हणून."

"अहो, आपल्याकडे कोणी केलंय का असलं कधी? तुमच्याकडे नाही, आमच्याकडे नाही."

सतरा वर्षांची मीनाक्षी अभ्यास करता करता म्हणाली, "पापा, इट्स कॉल्ड व्हिडिओ आर्ट. पर आप मत करो, प्लीज." मीनाक्षीला मराठी सगळं कळायचं, पण तिचं उत्तर हिंदीतून किंवा इंग्रजीतून यायचं. टिपणीसांनी त्यातलं फक्त नाव उचललं आणि 'प्लीज' सोडून दिलं.

गणेशोत्सवाला अजून पाच महिने होते. चंडीगडच्या महाराष्ट्र मंडळात निम्मे लोक फौजेतले आणि निम्मे बँका नि केंद्र सरकारच्या खात्यांतले. दर तीन वर्षांनी सगळ्यांच्या बदल्या होत, त्यामुळे मंडळाचा कोणताही ग्रुप फोटो काढून पाहिला की त्यात ओळखीचे म्हणून फक्त गणपती आणि टिपणीस. यंदा मंडळाच्या सगळ्या सभासदांचे चेहरे एकातून एक उमलत जातील अशी चित्रफीत करायची, असा प्रस्ताव त्यांनी कार्यकारिणीत मांडला. सेक्रेटरी विनायक खांबेटे बँकेत होते. त्यांना कल्पना फार आवडली, कारण तिला खर्च नव्हता.

मग ग्रुप कॅप्टन घाणेकरांच्या वंदनाताईंनी शांतपणे विचारलं, "माझा चेहरा कोणातून येणार, आणि कोणात जाणार?"

टिपणीस म्हणाले, यादीप्रमाणे.

"तसं नाही. येण्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. पण जाणार कोणात? सीनियर चेहरा ज्युनियर चेहऱ्यात कसा जाईल?"

सभा इथेच संपायला हवी होती, पण ती पुढे दोन तास चालली. आधी फौजेच्या हुद्द्यांप्रमाणे यादी झाली. मग लष्कर आधी की हवाई दल, यावर वीस मिनिटं गेली. मग खांबेट्यांनी बँकेतला स्केल थ्रीचा अधिकारी म्हणजे लष्करातला मेजर धरावा असं सुचवलं, आणि खोलीतले दोन खरे मेजर उठून उभे राहिले. नवऱ्याचा हुद्दा बायकोच्या चेहऱ्याला लागू होतो का, हाही मुद्दा निघाला. शेवटी सर्वानुमते असं ठरलं की प्रत्येकाचा चेहरा बदलावा, मात्र तो स्वतःतच. टिपणीस चहा न घेता घरी आले. अपमान झाला की त्यांना चहा चालत नसे.

सुमेधाबाईंनी स्वतःचा चेहरा द्यायला साफ नकार दिला. मीनाक्षीला विचारण्यात अर्थ नव्हता. उरला एक टिपणीसांचा स्वतःचा चेहरा, आणि एका चेहऱ्याने हे काम होत नाही.

तेव्हा त्यांना प्रीतम सिंग आठवले. एकवीस सेक्टरमधल्या त्यांच्या कोठीच्या, म्हणजे बंगल्याच्या, वरच्या मजल्यावर टिपणीस मंडळी चार वर्षं भाड्याने राहत होती. सरदारजी पाटबंधारे खात्यातून इंजिनियर म्हणून निवृत्त झालेले, मुलगा कॅनडात, घरात ते आणि त्यांची बायको. तिला सगळे बीजी म्हणत. रोज संध्याकाळी पाच वाजता खालच्या हिरवळीवर दोघा पुरुषांचा चहा होई. त्या दिवसांत सकाळचा पेपर उघडला की पहिल्या पानावर पंजाबात अतिरेक्यांच्या नि पोलिसांच्या गोळ्यांनी गेलेल्यांचा आकडा असायचा, आणि अंधार पडायच्या आत माणसं दारं लावून घ्यायची. म्हणून पेपर चहाला आणायचा नाही असा सरदारजींचा नियम होता. गुलाब, गुडघे आणि कालव्यांचे दरवाजे एवढ्यावरच बोलायचं. सांगायला लाज वाटावी, पण बावन्न वर्षांच्या टिपणीसांना साऱ्या जगात एवढा एकच मित्र होता.

"ले लो जी," सरदारजी म्हणाले. "इस उमर में चेहरा और किस काम आएगा."

दुसऱ्या दिवशी ते तासभर खपून, खळ दिलेली मरून पगडी बांधून, दाढी जाळीत बसवून हिरवळीवर आले. बीजींनी मागून येऊन पगडीचं टोक सारखं केलं. मंडळाच्या लग्नकार्यांत शूटिंग करणाऱ्या व्हिडिओवाल्याकडून टिपणीसांनी कॅमेरा मागून आणला होता. सरदारजी पापणी न हलवता पाच मिनिटं बसले. इतका सरळ बसलेला माणूस टिपणीसांनी सरकारी खात्यात कधी पाहिला नव्हता.

इथपर्यंत सगळं ठीक होतं. यानंतर टिपणीसांनी जे केलं ते फक्त केंद्र सरकारचा मराठी नोकरच करू शकतो. त्यांनी अर्ज केला.

तो कोणी मागितला नव्हता. त्याच संगणकावर हिशेबनीस सर्रास जन्मपत्रिका काढत आणि डायरेक्टरांचा भाचा विमानं पाडायचा खेळ खेळे. पण टिपणीसांच्या घरात तीन पिढ्यांची नोकरी, आणि तीन पिढ्यांत सरकारी टाचणीसुद्धा कोणी विचारल्याशिवाय घरी आणली नव्हती. त्यांनी रीतसर, साहेबांमार्फत, तीन प्रतींत लिहिलं. विषय : मानवी चेहऱ्यात क्रमाक्रमाने बदल घडवण्यासाठी शासकीय यंत्र वापरण्याची परवानगी मिळण्याबाबत. प्रयोजन : सांस्कृतिक. ज्यांचे चेहरे बदलायचे त्यांची संख्या : दोन. आणि अर्ज अपुरा राहू नये म्हणून खाली खुलासा जोडला, की पगडी व दाढी असलेल्या इसमाचा चेहरा पगडी व दाढी नसलेल्या इसमाच्या चेहऱ्यात, तसेच उलट दिशेने, पाहणाऱ्याच्या लक्षात येणार नाही इतक्या सफाईने बदलण्यात येईल.

नव्वद साल. चंडीगड. चौकाचौकात वाळूची पोती आणि भिंतीभिंतीवर पोलिसांना हव्या असलेल्या माणसांचे फोटो. अशा गावात हे त्यांनी टाइप करून, खाली तारीख घालून पाठवलं. सुमेधाबाईंनी नंतर ती कार्यालयीन प्रत वाचली तेव्हा त्या उभ्या होत्या तिथेच जमिनीवर बसल्या.

परवानगी नऊ दिवसांत आली. इतक्या लवकर टिपणीसांना आयुष्यात कशाचीही परवानगी मिळाली नव्हती. त्या आनंदात पत्राच्या तळाशी 'प्रत माहितीसाठी' म्हणून कोणाकोणाची नावं आहेत, हे त्यांनी पाहिलं नाही. त्यात सुरक्षा अधिकारी होते. सुरक्षा अधिकाऱ्यांनी प्रत पुढे पाठवली, आणि पुढे म्हणजे पोलिसांकडे.

सात रविवार टिपणीस स्कूटरवरून प्रयोगशाळेत गेले. वाटेत नाक्यावर प्रत्येक वेळी हेल्मेट काढायला लावून जवान ओळखपत्र बघे. ओळखपत्रावरचे टिपणीस अकरा वर्षांपूर्वीचे, मिशीवाले होते. "ये आप नहीं हो," असं त्यांना सातांतल्या चार रविवारी सांगण्यात आलं. चेहऱ्यावर काम करणाऱ्या कलावंताला हे फार लागतं.

काम असं होतं. टिपणीसांच्या आणि सरदारजींच्या चेहऱ्यांवर डोळे, नाक, ओठ, जबडा, केसांची कड अशा ठिकाणी ठिपके द्यायचे. मग यंत्र एका चेहऱ्यावरच्या ठिपक्याकडून दुसऱ्यावरच्या ठिपक्याकडे पायरी पायरीने सरकायचं आणि प्रत्येक पायरीचं एक चित्र काढायचं. एका चित्राला पंधरा मिनिटं लागत. चित्र पडद्यावर आलं की समोर कॅमेरा लावून ते टिपून घ्यायचं. अशी सगळी चाळीस चित्रं. टिपणीस तेवढा वेळ डबा खात, डुलक्या काढत आणि स्वतःच्या नाकाला दुरून पाहत.

सातव्या रविवारी त्यांनी कॅसेट पहिल्यांदा सलग पाहिली, आणि जेवणाचा डबा तसाच बंद करून टाकला.

त्यांची एक चूक झाली होती. चेहऱ्याच्या बाहेरच्या कडेचे ठिपके त्यांनी आधी दिले होते आणि डोळ्या-नाकाचे नंतर, आणि यंत्राने इमानेइतबारे त्याच क्रमाने बदल केला होता. सरदारजींचा चेहरा सुरू होई. आधी पगडी विरत जाई, मग दाढी पुसट होई, त्यांच्या जागी टिपणीसांचे बारीक कापलेले केस आणि गुळगुळीत गाल येत. डोळे, नाक आणि ओठ मात्र तोवर सरदारजींचेच राहत. मधली दहाएक चित्रं पडद्यावर प्रीतम सिंग बसलेले दिसत होते. केस कापलेले, दाढी काढलेले, आणि समोर बघत असलेले.

टिपणीसांनी कॅसेट थांबवली. त्यांनी शीख माणसाची पगडी उतरवली होती. केस कापले होते. विश्वासाने दिलेल्या चेहऱ्याचं हे केलं होतं, आणि तेही या दिवसांत. पाच वाजताचा चहा आता संपला, घर तर गेलंच, असं त्यांना स्पष्ट दिसलं. घरी येऊन त्यांनी सुमेधाबाईंना सगळं सांगितलं.

"ते बघायच्या आत पुसून टाका," त्या म्हणाल्या. आयुष्यात पहिल्यांदाच नवराबायकोचं एकमत झालं. पण पुसायला व्हिडिओ प्लेअर लागतो, तो होता सरदारजींच्या बैठकीत, आणि कॅमेरा तर व्हिडिओवाल्याने त्याच दिवशी परत नेला होता. येत्या रविवारी कॅमेरा पुन्हा मागून आणून पुसायची असं ठरवून टिपणीसांनी कॅसेट तांदळाच्या डब्यामागे ठेवली.

गुरुवारी पाच वाजता हिरवळीवर चहा आला, आणि त्यामागून पोलीस आले. एक इन्स्पेक्टर आणि एक हवालदार. इन्स्पेक्टरचं नाव नरेश कुमार, वय तिशीचं, बोलणं अतिशय अदबीचं. टिपणीसांना वाटलं होतं पोलीस दरडावतील. हे 'सर' म्हणाले, त्यामुळे ते जास्तच घाबरले.

"सर, आपने एक दरख़्वास्त दी थी. चेहरे बदलने की."

"हो. म्हणजे हां जी. परमिशन है."

"वही तो देखनी है. जो चीज़ बनी है, वो."

नेमके तेव्हाच खांबेटे फाटकातून आत आले. गणेशोत्सवाच्या पत्रिकेवर टिपणीसांचा हुद्दा काय छापायचा, हे विचारायला. पोलीस बघून ते वळले, पण हवालदाराने त्यांना अदबीने खुर्ची दिली.

टिपणीस म्हणाले कॅसेट सापडत नाही. मीनाक्षी वरच्या गॅलरीतून म्हणाली, "पापा, चावल के डिब्बे के पीछे है." टिपणीस म्हणाले कॅसेट खराब आहे. इन्स्पेक्टर म्हणाला, चालेल. टिपणीस म्हणाले, आमच्याकडे प्लेअरच नाही.

"लो," सरदारजी गुडघ्यांवर हात टेकून उठत म्हणाले. "मेरे पास है ना. मैं भी तो देखूँ, मेरा क्या बनाया."

"प्लेअरचं हेड बिघडलंय," टिपणीस घाईने म्हणाले.

"कल ही तो बीजी ने शादी की कैसेट देखी है, यार."

खांबेटे टिपणीसांच्या कानाशी लागले. "मी सांगतो, लाइट गेली म्हणा." बैठकीत पंखा फिरत होता. सल्ला देण्यात खांबेट्यांना अशा गोष्टींनी कधी अडचण आली नाही.

सगळे बैठकीत बसले. इन्स्पेक्टरने गुडघ्यावर फॉर्म ठेवला. त्यात चित्रफितीत दिसणाऱ्या प्रत्येक इसमाचं नाव लिहायचं होतं. हवालदाराने कॅसेट आत सरकवली. टिपणीस सरदारजींच्या शेजारी बसले होते, आणि त्यांच्या मनात एवढंच होतं, की हा माणूस आता उठेल आणि आपल्याकडे न बघता बाहेर जाईल.

पडद्यावर प्रीतम सिंग आले. मरून पगडी, सरळ मान. "वाह," हवालदार म्हणाला. मग पगडी विरायला लागली. दाढी पुसट झाली. केस कापलेला चेहरा आला, समोर बघत राहिला, मग हळूहळू त्याचा टिपणीस झाला आणि पडद्यावर मुंग्या आल्या.

"ये बीच वाला कौन है?" इन्स्पेक्टरने विचारलं. आता त्याने 'सर' म्हटलं नाही.

"कोणी नाही. कोई नहीं. मशीन की गलती है," टिपणीस म्हणाले. ते भराभर बोलत सुटले. ठिपक्यांचा क्रम, बाहेरची कड, पंधरा मिनिटं. ऐकणाऱ्यांना काहीही कळत नव्हतं. मग ते सरदारजींकडे वळले. "सरदारजी, मला माफ करा. मैंने जानबूझकर नहीं किया. मैं मिटाने वाला था."

सरदारजींनी ते ऐकलंच नाही. "पीछे करो," ते हवालदाराला म्हणाले. "हां. यहीं रोको."

केस कापलेला चेहरा पडद्यावर थरथरत थांबला. सरदारजी उठून टीव्हीच्या अगदी जवळ गेले. चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. दारात बीजी आणखी कप घेऊन आल्या होत्या. त्यांनी ट्रे जमिनीवर ठेवला.

"ये तो आप हो जी," त्या म्हणाल्या.

"ऐसा था मैं?"

"ऐसे ही थे. गाल थोड़े और अंदर थे."

बाकीच्यांना काही उमगेना, तेव्हा बीजींनीच सांगितलं. आवाज न चढवता, घरातली एखादी जुनी गोष्ट सांगावी तसं. चौऱ्याऐंशीच्या नोव्हेंबरात सरदारजी दिल्लीला बहिणीकडे गेले होते. बाहेर जमाव पगडीवाला दिसला की जाळत होता. बहिणीच्या शेजारच्या मास्तरांनी त्यांना स्वयंपाकघरात बसवून कापड कापायच्या कात्रीने त्यांचे केस कापले, दाढी काढली, स्वतःचा सदरा त्यांना घातला आणि गाडीत बसवून दिलं. ते जिवंत घरी आले. आणि मग पाच-सहा महिने, पुन्हा पगडी बांधता येईपर्यंत, घराबाहेर पडले नाहीत. लोकांना सांगितलं, मुलाकडे कॅनडाला गेलेत. "ऊपर रहते थे," बीजी म्हणाल्या. "जहाँ अब आप लोग रहते हो. सारे शीशे मैंने दीवार की तरफ़ मोड़ दिए थे. इन्होंने कहा था, मुझे नहीं देखना."

टिपणीसांनी वर छताकडे पाहिलं. चार वर्षं ते त्या खोल्यांत राहत होते. चार वर्षं रोज या माणसाशी गुलाबांवर बोलत होते. त्यांना खूप रडू आलं, आणि पोलिसांसमोर रडण्याचा नियम माहीत नसल्याने ते तसेच बसून राहिले.

"मैंने इसे आज पहली बार देखा है," सरदारजी म्हणाले. ते टीव्हीशीच बोलत होते. "इतना बुरा तो नहीं था बेचारा."

इन्स्पेक्टर फॉर्मवरच्या रकान्यांवरून पेन फिरवत होता. मग हळूच म्हणाला, "सर, बीच वाला कॉलम मैं ख़ाली छोड़ देता हूँ. मशीन की गलती लिख देता हूँ."

"गलती क्यों?" सरदारजी वळले. "लिखो. पहला चेहरा, प्रीतम सिंह. आख़िरी, हेरंब टिपणीस. और बीच वाला भी प्रीतम सिंह. तीन नवंबर चौरासी से बैसाखी पचासी तक."

इन्स्पेक्टरने तारखांसकट लिहून घेतलं. लिहून झाल्यावर त्याने फॉर्म सरदारजींपुढे धरला. सरदारजींनी तो वाचला, सही केली आणि टिपणीसांच्या हातात दिला.

"गवाह में आप," ते म्हणाले.

टिपणीसांनी सही केली. सहीखाली हुद्दा लिहायची जागा होती. अकरा वर्षांचा हुद्दा, पण पेन टेकवून बसले तरी तो त्यांना काही केल्या आठवेना.